न चाखलेला दुधी

चि. मृणाल आणि चि. रोहन,

मृणाल, तू फोनवर सांगितलंस की तुमच्याकडे दहा-बारा मित्रमंडळी जेवायला जमणार आहेत, प्रत्येकाने एकेक पदार्थ आणायचा आहे आणि तू भाज्यांची ओव्हनमध्ये भाजलेली साइड डिश करणार आहेस. मग विचारलंस, "आजी, तू गेस्ट हाउसमध्ये नोकरी करायचीस ना? तुला येत असेल. मग घरी कधी केली कशी नाहीस?" तुझी आई मागून तिसरंच काही सांगत होती, म्हणून मी "लिहून कळवते" एवढंच म्हटलं. लिहायला बसले तेव्हा ध्यानात आलं की कृती अर्ध्या पानात संपते आणि प्रश्नाचं उत्तर मात्र तेवढ्यात मावत नाही. आमच्या इथल्या दिवाळी अंकाचे संपादक माझ्या नोकरीबद्दल लिहा म्हणून कधीचे मागे लागले आहेत. त्यांनाही हेच देणार आहे. त्यामुळे तुम्हाला ठाऊक असलेल्या काही गोष्टी पुन्हा सांगितल्या असतील, तर रागावू नका.

तुमचे आजोबा गेले तेव्हा तुमची आई पाळण्यात होती. मी पुण्याच्या कॉलेजात इंग्रजी घेऊन बी. ए. झाले होते, त्याचा तोवर काही उपयोग झाला नव्हता. पिंपरीला नव्या निघालेल्या एका कारखान्याला आपल्या गेस्ट हाउससाठी इंग्रजी बोलू शकणारी व्यवस्थापिका हवी होती. कारखान्याचं नाव मी लिहीत नाही. त्यातल्या माणसांची नातवंडं अजून असतील. मी आणि माझ्या सासूबाई चिंचवडला गणपतीच्या देवळाजवळ दोन खोल्यांत राहत होतो. तुमच्या आईला सासूबाईंच्या हवाली करून मी सकाळी टांग्याने निघत असे आणि दिवेलागणीला परत येत असे. पन्नासच्या दशकाची ती शेवटची वर्षं.

गेस्ट हाउस म्हणजे हॉटेल नव्हे. हॉटेलात गिऱ्हाईक पैसे टाकतं आणि आवडलं नाही तर उठून जातं. आमचा पाहुणा उठून जाऊ शकत नव्हता, कारण त्याला पाठवलेला असे. कुणी यंत्रं बसवायला जर्मनीहून आलेला, कुणी हिशेब तपासायला मुंबईहून आलेला. त्यांची चादर, त्यांचं उकळलेलं पाणी, त्यांचं पोट आणि त्यांची मर्जी, हे सगळं माझ्याकडे. दिल्लीचे एक अधिकारी स्वतःचा पाण्याचा मटका घेऊन आले होते आणि तो मोटारीतून उतरताना फुटला, तेव्हा त्यांनी माझ्याकडे असं पाहिलं की जणू मीच रस्त्यावर खड्डे खणले होते. एक इंग्रज फोरमन आंब्याचं लोणचं पावाला मुरांब्यासारखं लावून खाई आणि घामाने निथळत "व्हेरी गुड" म्हणे. पाहुण्याला काय हवं ते त्याच्या तोंडावरून ओळखायचं आणि आपल्या तोंडावर काही दिसू द्यायचं नाही, एवढाच त्या धंद्याचा मंत्र. तो मला बऱ्यापैकी जमला, हे आज सांगायला हरकत नाही.

स्वयंपाकघर उस्मानचाचांचं होतं. खडकीच्या लष्करी मेसमध्ये त्यांची उमेदीची वर्षं गेली होती. साठीच्या आसपासचे, उंच, किंचित वाकलेले. पांढरा अंगरखा रोज धुतलेला. हाताखाली सोनाबाई. ती पिंपळे सौदागरची. तिच्या सासऱ्याची जमीन कारखान्यात गेली, तिच्या बदल्यात घरातल्या कुणाला तरी काम मिळायचं होतं. नवरा दम्याने बेजार, म्हणून ही आली. गळ्यात तुळशीची माळ, त्यामुळे अंड्या-मटणाला हात लावायची नाही. भाज्या, धान्य, दूध हे तिचं खातं. तिसरा फ्रान्सिस, टेबलावर वाढणारा. तोही खडकीचाच.

चाचा आणि सोनाबाई यांचं दिवसभर चाले.

"चाचा, ह्ये तुमचं पांढरं पिठलं परत चढवलं व्हय?" ती विचारायची. पांढरं पिठलं म्हणजे व्हाइट सॉस.

"साहेबलोकांचं पिठलं आहे ते, सोनाबाई. त्यात मिरची टाकली तर साहेबाचं इंजिन बंद पडेल आणि तुमचा कारखाना पण."

"बिनमिरचीचं खात्यात, म्हनून तर समदी पांढरीफटक."

"आणि तुम्ही मिरची खाऊन कुठं लाल झालात?"

आता तुझी कृती, मृणाल. चाचांची जशी होती तशी. फ्लॉवर, गाजर, मटार, फरसबी आणि बटाटा, सगळं बेताच्या आकाराचं चिरून मिठाच्या पाण्यात अर्धवट शिजवायचं. पाणी फेकायचं नाही. लोण्यावर मैदा परतायचा, रंग बदलू द्यायचा नाही, मग कोमट दूध आणि ते भाज्यांचं पाणी थोडं थोडं घालत घोटायचं. गुठळी झाली तर चाचा सगळं ओतून पुन्हा सुरुवात करीत. उतरवल्यावर एक फेटलेलं अंडं, मिरपूड, किसलेलं जायफळ. खोलगट भांड्यात भाज्या, वर सॉस, त्यावर डब्यातलं चीज आणि वाळवलेल्या पावाचा चुरा. आमच्याकडे ओव्हन नव्हता. कारखान्याच्या फिटरने पत्र्याची एक पेटी करून दिली होती, तिच्या तळाशी वाळूचा थर. खाली निखारे, झाकणावर निखारे. वरचे निखारे जास्त. झाकण उचलून बघायचं नाही; कडेने येणाऱ्या वासावरून चाचा ओळखत. वर सोनेरी साय धरल्यासारखी झाली की पेटी उघडायची.

हा पदार्थ रोस्ट कोंबडीच्या शेजारी जाई. साइड डिश म्हणजे काय ते सोनाबाईला समजावताना माझी पंचाईत झाली होती. आपल्या ताटात डावी-उजवी असते, पण डावीकडची चटणी काही उजवीकडच्या भाजीची चाकर नसते. तिने ऐकून घेतलं आणि म्हणाली, "म्हंजी कोंबडी नवरी अन् ह्या करवल्या." चाचा त्यावर कितीतरी वेळ हसत होते.

त्यांना हसताना बघणं दुर्मीळ होत चाललं होतं. त्यांची बायको, झुबेदाभाभी, सांगवीच्या पुढे क्षयाच्या इस्पितळात होती. मूलबाळ नाही. चाचांना गेस्ट हाउसच्या मागे कंपनीची एक खोली होती. दुपारची जेवणं अडीचपर्यंत आटपत, चहा फ्रान्सिस बघे, रात्रीच्या स्वयंपाकाला सहाला उभं राहिलं तरी चाले. इस्पितळात भेटायची वेळ चार ते पाच. चाचा तीनला सायकल काढीत, पिंपळे सौदागरवरून सांगवी गाठीत, बायकोजवळ तासभर बसत आणि सहाच्या आत अंगरखा बदलून चुलीपुढे हजर होत. पाऊस असो, ऊन असो. त्यांच्या वयाच्या माणसाला दुपार मोकळी देणारी दुसरी नोकरी त्या मुलखात नव्हती. शिफ्टच्या कँटीनला ती सोय नाही, हॉटेलवाला तर दिवसभर राबवून घेई. आचाऱ्याचीच नोकरी त्यांना हवी होती असं नाही. ही नोकरी हवी होती.

आणि तीच जायची वेळ आली होती. आमचे प्रशासन अधिकारी कर्णिकसाहेब यांना गेस्ट हाउस मुंबईच्या एका केटररला कंत्राटावर द्यायचं होतं. तो केटरर दोनदा येऊन स्वयंपाकघर बघून गेला होता. आमची पत्र्याची पेटी बघून त्याला हसू आवरलं नव्हतं. कर्णिक वाईट माणूस नव्हते. नीटनेटकेपणाची आवड मला आहे तशीच त्यांनाही होती. त्यांनी मला बोलावून सांगितलं, "लिमयेबाई, बोर्डाची मंडळी जेवायला येताहेत. जेवण उत्तम झालं तर चेअरमनसाहेब आहे तसं चालू द्या म्हणतील. त्यांना जुनी माणसं हलवायला आवडत नाही. नाही तर मी कंत्राटाचा कागद पुढे करीन. तुमच्यापासून लपवत नाही."

मी हे चाचांना सांगितलं. सोनाबाई तांदूळ निवडत होती, तिनेही ऐकलं.

बोर्डाने दिवस निवडला तो सुट्टीचा. गुड फ्रायडे. त्या वर्षी रमजान चालू होता आणि त्याच दिवशी संकष्टी चतुर्थीही आली होती. आमच्याकडे तेव्हा केलर नावाचे स्विस इंजिनिअर आणि त्यांची बायको उतरली होती. मिसेस केलरनी मला आधीच सांगितलं की त्या दिवशी ती दोघं मांस खाणार नाहीत. बोर्डातले दोघेजण तर मुळातच शाकाहारी, अंडं तेवढं चालणारे. कर्णिकांनी ठरवलं की मग सगळ्यांसाठीच शाकाहारी जेवण करा, पण इंग्रजी पद्धतीचं. म्हणजे आमची करवली एकाएकी बोहल्यावर चढली. बेक्ड व्हेजिटेबल हाच मुख्य पदार्थ.

इथे तुम्हाला चाखण्याची पद्धत सांगायला हवी. एरवी चाचा सगळं स्वतः चाखत. रमजानात मात्र चाखत नसत. मी त्यांना एकदा विचारलं होतं, की जिभेच्या टोकाला लावून थुंकलं तर चालतं असं म्हणतात ना?

"म्हणतात, बाईसाहेब. मला नाही जमत. एवढ्या वर्षांची सवय. जीभ एकदा बाहेर आली की गिळल्याशिवाय आत जात नाही."

म्हणून त्या महिन्यात सॉसची चव फ्रान्सिस बघे. कच्च्या भाजीची परीक्षा सोनाबाईची. काकडी, दोडका, दुधी कापताना टोकाची चकती काढून जिभेला लावायची आणि थुंकून टाकायची, हे आपल्याकडे कुठल्याही घरात करतात. कडू निघालं तर तिथेच बाजूला. नुसत्या डोळ्यांनी कडू दुधी ओळखता येत नाही. वासानेही नाही. चांगल्या दुधीसारखाच तो कोवळा आणि हिरवागार दिसतो.

मार्चअखेर होती. पुण्याच्या मंडईतून आलेला फ्लॉवर पिवळा पडलेला, गाजरं आत लाकूड झालेली. चौदा-पंधरा माणसांचं भांडं भरायचं कशाने? सोनाबाईने आपल्या भावाच्या मळ्यातून दुधी आणले. चाचांनी एक हातात घेऊन नख लावून पाहिलं. "लोण्यासारखा आहे. वा!" म्हणाले. त्यांची कळी जरा खुलली होती.

फ्रान्सिस सकाळीच खडकीला चर्चमध्ये गेला. त्या दिवशी त्याला अडवणं माझ्या मनातही आलं नाही. वाढायला कँटीनचे दोन लोक मागवले होते. मी दहापासून पुढच्या दालनात होते. टेबल, फुलं, नॅपकिन, कोण कुठे बसणार. मलाही चतुर्थी होतीच. आमच्या घरात सासूबाई करीत, मीही करीत असे. चंद्रोदयापर्यंत मी चहा आणि फळं घेई. अंडं तर मी एरवीही खात नसे, त्यामुळे सॉस चाखायचा प्रश्न नव्हता. अकराच्या सुमाराला मी आत डोकावले. सोनाबाई दुधीच्या फोडी करत होती, भराभर, मान खाली घालून. ओठ सुकलेले दिसले.

"सोनाबाई, चहा घेतलास का? उपासाला चालतो की."

"न्हाई बाई. आज काईच न्हाई."

"पाणी तरी पी. केवढी उष्णता आहे इथे."

"न्हाई म्हन्ते ना. जावा तुमी, पाव्हनं येत्याल."

चाचा सॉस घोटत होते. पोटात काही नाही, पुढ्यात निखारे, कपाळावरून घाम वाहत होता आणि तो भांड्यात पडू नये म्हणून मान एका बाजूला वळवलेली. मीठ त्यांनी हाताच्या अंदाजाने घातलं, आणि ते अगदी बरोबर पडलं होतं, हे मागाहून कळलं. त्याची आज मजा वाटते. मीठ बरोबर होतं.

एक वाजता मंडळी बसली. सूप झालं, चांगलं झालं. मग भांडं आलं. वर असा रंग आला होता की चेअरमनसाहेब स्वतःहून म्हणाले, "अरे वा, हे तर एखाद्या क्लबात शोभेल." कर्णिकांनी माझ्याकडे पाहून मान हलवली. मला तेव्हा वाटलं, जिंकलं.

चेअरमननी पहिला घास घेतला आणि चावायचे थांबले. मग हळूच पाण्याचा ग्लास उचलला. त्यांच्या डावीकडच्या शेटजींनी नॅपकिन तोंडाशी नेला आणि तो बराच वेळ खाली आलाच नाही.  काट्यांचे आवाज एकेक करून बंद झाले. फक्त एक काटा वाजत राहिला, मिसेस केलरचा. ती बाई शांतपणे खात होती. तोंड किंचित आक्रसलेलं, पण खात होती. मी पुढे होऊन हळूच म्हटलं, "मॅडम, प्लीज डोन्ट." ती माझ्याकडे पाहून हसली आणि उरलेलं संपवलं.

मी भांडं उचलून आत नेलं. चाचांनी माझा चेहरा पाहिला. मी एक फोड तोंडात टाकली. उपास, अंडं, काही आठवलं नाही. जिभेवर नुसती आग. घशापर्यंत कडू. एकच दुधी असणार. पण त्याचं पाणी सॉसमध्ये उतरलं होतं, आणि पाणी फेकायचं नाही ही तर आमची रीतच होती.

"दुधी," मी म्हटलं. "कडू निघाला."

सोनाबाई भिंतीला टेकली.

दुपारी मिसेस केलरना उलट्या सुरू झाल्या. कारखान्याचे डॉक्टर आले. ताक, लिंबूपाणी, विश्रांती. सूर्य कलता कलता बाई सावरली आणि उठून बसली. पण तोवर कर्णिकांचा कागद पुढे झाला होता आणि त्यावर सहीही पडली होती. तीनची वेळ टळून गेली होती. चाचा त्या दिवशी इस्पितळात गेले नाहीत. डॉक्टरांसाठी पाणी गरम करत बसून राहिले.

दुसऱ्या दिवशी कर्णिकांनी आम्हाला ऑफिसात बोलावलं.

"भाजी कुणी चिरली?" त्यांनी विचारलं.

सोनाबाईने तोंड उघडलं, तेवढ्यात चाचा म्हणाले, "भांड्यात गेली म्हणजे माझी झाली, साहेब. कुणी चिरली हे आचाऱ्याला विचारतात का?"

मी पुढे झाले. सांगितलं की हा कुणाचाच निष्काळजीपणा नाही. चाचांचा रोजा, सोनाबाईची चतुर्थी, फ्रान्सिसचा शुक्रवार. तिघांच्या तोंडात त्या दिवशी काही जायचंच नव्हतं. असा दिवस पुन्हा वर्षानुवर्षं येणार नाही.

कर्णिकांनी चष्मा काढला. "लिमयेबाई, मी कारखाना चालवतो की पंचांग?"

"साहेब, यांची बायको सांगवीला..."

"मला माहीत आहे. मला वाईट वाटतं. पण एक परदेशी बाई माझ्या गेस्ट हाउसमध्ये विषबाधेसारखी आजारी पडली. उद्या काय लिहू मी वर?" मग चष्मा परत चढवून म्हणाले, "ईदपर्यंत खोली राहू दे. तेवढं मी करतो."

बाहेर आल्यावर चाचा सायकलचा टायर दाबून बघत होते. सोनाबाई नळाजवळच्या दगडावर जाऊन बसली. मी तिच्याजवळ गेले. वाटलं रडत असेल. रडत नव्हती.

"बाई, म्या दर चतुर्थीला दुधीची चकती लावतीच की जिभंला. भगर खाती, च्या पिती, मंग चकतीचं काय? पर ह्या टायमाला देवाला बोल्ले हुते. म्हनलं, चाचाची जागा राहू दे, चंद्र दिसंस्तवर पान्याचा थेंब सुदिक तोंडात घ्यायची न्हाई. दुधी हातात आला तवा हात गेला तोंडाकडं. अन् म्या मागं घेतला."

 चाचा मागे उभे होते, ते मला दिसलं नव्हतं. त्यांनी सगळं ऐकलं होतं. ते सायकल हातात धरून तसेच दोन पावलं पुढे आले.

"सोनाबाई, उठा. ऊन आहे. माझ्यासाठी जन्मात कुणी पाणी सोडलं नव्हतं." एवढं बोलून ते इस्पितळाच्या वाटेला लागले.

ईद झाल्यावर त्यांनी खोली सोडली. शिरखुर्मा मात्र आम्हा सगळ्यांना दिला. सोनाबाईने वाटी दोन्ही हातांनी घेतली. त्यांना सांगवीला एका कुंभाराच्या पडवीत जागा मिळाली, आणि रस्त्याच्या कामावरच्या मजुरांना जेवण करून घालायचं काम. इस्पितळ आता पायी जाण्याइतकं जवळ आलं होतं. मला सुरुवातीला वाटलं, हे तर बरंच झालं. सोनाबाईकडून मग बातमी कळली: मजुरांची जेवायची सुट्टी दोनला, रात्रीच्या डाळ-भाकरीची तयारी तीनपासून, आणि मुकादम जागचं हलू देत नव्हता. चाचांना आठवड्यातून एकदा, सुट्टीच्या दिवशी, भेटता येत होतं.

इकडे कंत्राटदाराची माणसं आली; सोनाबाई आणि फ्रान्सिस कारखान्याच्या कँटीनमध्ये गेले. विजेचा ओव्हन आला. कर्णिकांनी नवा नियम केला, की प्रत्येक पदार्थ टेबलावर जाण्याआधी व्यवस्थापिकेने चाखावा. मी तो पाळू लागले. त्यात अंडंही आलं आणि चतुर्थीही आली. सासूबाईंना मी हे सांगितलं नाही.

जूनच्या सुरुवातीला केलर जोडप्याचं कारखान्याच्या वसाहतीतल्या बंगल्यात राहायला जायचं ठरलं. मिसेस केलरनी मला विचारलं, "ते म्हातारे आचारी कुठे गेले? नवे लोक सगळं एकाच चवीचं करतात." तिला काहीच माहीत नव्हतं, आजारी पाहुण्याच्या कानावर असल्या गोष्टी घालायच्या नाहीत, असं आमचं वळण. मी तिला सगळं सांगितलं. 

"त्या जेवणाच्या आधीच्या आठवड्यात तुम्ही मला कारलं दिलं होतं," ती म्हणाली. "कडू असतं आणि चांगलं असतं, असं सांगितलं होतं. मला वाटलं, हेही तसंच. टाकलं तर आत त्या माणसाला वाईट वाटेल, म्हणून खाल्लं."

ती नवऱ्याशी बोलली, नवरा चेअरमनशी बोलला. आठवड्यात ठरलं: उस्मानचाचांना केलरांच्या बंगल्यावर आचारी म्हणून घ्यायचं, बंगल्यामागची खोली द्यायची. मी मिसेस केलरना दुपारचं सांगितलं. तीन ते सहा. ती म्हणाली, "अर्थातच."

मी टांगा केला आणि सांगवीला गेले. मनात वाक्यं जुळवत होते. सोनाबाई बरोबर येणार होती, पण तिची कँटीनमध्ये कामाची पाळी होती. तिने एवढंच सांगितलं, "लवकर सांगा त्यास्नी. गोल गोल बोलू नगा."

कुंभाराच्या पडवीत चाचा वळकटी बांधत होते. मला पाहून उभे राहिले, अंगरख्याची बटणं लावली. "या बाईसाहेब. बसायला काही नाही इथं."

मी सोनाबाईचं ऐकलं. उभ्या उभ्या सगळं सांगून टाकलं. बंगला, खोली, दुपार. त्यांनी मधे तोडलं नाही. माझं बोलणं पूर्ण संपू दिलं, जसं मोठ्या माणसाचं संपू देतात, मी वयाने मुलीसारखी असूनही.

मग म्हणाले, "झुबेदा गेली, बाईसाहेब. बुधवारी."

मी खाली बसले. तिथे मातीच होती.

"चार वाजायच्या सुमाराला गेली म्हणे. वॉर्डातल्या बाकीच्यांची माणसं आलेली होती. ती दरवाज्याकडे तोंड करून निजली होती, असं शेजारच्या बाईनं सांगितलं." त्यांनी वळकटीची दोरी पुन्हा सोडली आणि पुन्हा बांधली. "मी डाळ उतरवत होतो तेव्हा."

काही तरी बोलायला हवं म्हणून मी बोलले. "चाचा, खोली तरी आहे. तुम्ही एकटे आता कुठे जाणार? केलरबाई फार चांगली आहे."

"असेल. तिला माझा सलाम सांगा. तिनं खाल्लं, हे मी विसरणार नाही." त्यांनी दोरीची गाठ आवळली. "खोली मला कधीच नको होती, बाईसाहेब. नोकरी पण नको होती. मला दुपार पाहिजे होती."

त्यांना नगरकडच्या आपल्या पुतण्याकडे जायचं होतं. मी टांग्यातून स्टेशनापर्यंत सोडते म्हटलं, तर नको म्हणाले. वळकटी सायकलच्या कॅरिअरला बांधली आणि सायकलवर न चढता, ती हातात धरूनच चालत निघाले. पुन्हा आमची भेट झाली नाही. त्यांचं पुढे काय झालं हे मला ठाऊक नाही.

मी परत आले तेव्हा दुपारच्या जेवणाची वेळ झाली होती. मुंबईहून हिशेबतपासनीस उतरले होते. कंत्राटदाराच्या आचाऱ्याने ओव्हनमधून भांडं काढून माझ्यापुढे धरलं आणि चमचा दिला. त्या दिवशी नेमकं बेक्ड व्हेजिटेबल होतं. मी चाखलं. चव बरोबर होती. मी मान हलवली आणि भांडं टेबलावर गेलं.